अफगाणिस्तानात बंदी बाईवर आणि शिक्षा भावाला: हे सगळं नक्की चालतं कसं?

अफगाणिस्तानातल्या बायकांची कुठलीही बातमी आली की खाली दोन कमेंट हमखास असतात. एक म्हणजे "बिच्चाऱ्या", आणि दुसरी "मग त्या रस्त्यावर का नाही उतरत, आपल्याकडे असतं तर..." वगैरे. पहिलीला काय बोलणार. दुसरीचं उत्तर मात्र सरळ आहे, उतरल्या की! १५ ऑगस्ट २०२१ ला तालिबान काबुलमध्ये घुसलं आणि सप्टेंबर उजाडायच्या आसपास काबुल, हेरातमध्ये बायका हातात कागदाचे फलक घेऊन बंदुकवाल्यांसमोर उभ्या होत्या. "नान, कार, आझादी" ही त्यांची घोषणा, म्हणजे भाकरी, काम, स्वातंत्र्य, आणि हा क्रम बघा, भाकरी पहिली आहे. जानेवारी २०२२ मध्ये आंदोलनातल्या काही जणींना रात्री घरातून उचलून नेलं. ऑगस्ट २०२२ मध्ये शिक्षण मंत्रालयासमोर जमलेल्या बायकांना हवेत गोळ्या झाडून पांगवलं. जुलै २०२३ मध्ये ब्युटी पार्लर बंद करायचा आदेश निघाला तेव्हा पार्लरवाल्या बायका काबुलच्या शहर-ए-नौ भागात जमल्या, त्यांच्यावर पाण्याचे फवारे मारले.

मग नंतर हे मोर्चे कमी का झाले? धाडस संपलं म्हणून नाही. त्यामागे एक व्यवस्था आहे आणि ती कशी चालते हे कळलं की बाकीच्या बऱ्याच बातम्यांचा अर्थ आपोआप लागतो, म्हणून हा लेख. मला विचाराल तर बुरख्याच्या फोटोपेक्षा ही व्यवस्था समजून घेणं जास्त महत्त्वाचं आहे.

मे २०२२ चा आदेश घ्या. बायकांनी बाहेर पडताना चेहरा झाकायचा, आणि काम नसेल तर घराबाहेर न पडणंच उत्तम, असं त्यात होतं. हे सगळ्या पेपरांत छापून आलं. पण त्यातला शिक्षेचा भाग फार कमी लोकांनी वाचला. बाईने नियम मोडला तर पहिल्या वेळी तिच्या घरातल्या पुरुषाला ताकीद. दुसऱ्या वेळी त्याला बोलावून घेणार. तिसऱ्या वेळी त्याला तीन दिवस कोठडी, आणि त्यापुढे प्रकरण कोर्टात. तो सरकारी नोकर असेल आणि त्याच्या बायकोने किंवा मुलीने ऐकलं नाही तर तो नोकरीतून निलंबित होणार. म्हणजे नियम बाईसाठी आणि शिक्षा बापाला, भावाला, नवऱ्याला.

हे फार चलाख आहे. कारण प्रत्येक बाईमागे एक पोलीस ठेवायची ऐपत कुठल्याच सरकारची नसते, आणि तालिबानची तर नाहीच नाही. त्यांनी काय केलं तर घरातल्याच पुरुषाला फुकटचा पोलीस केलं. आता समजा एखाद्या मुलीला मोर्चाला जायचंय. ती स्वतःचा जीव धोक्यात घालायला तयार आहे, पण तिचा भाऊ टॅक्सी चालवतो आणि घर त्याच्यावर चालतंय, तर तो आत गेला की चूल बंद. आई म्हणणार, बाळ तू जाऊ नकोस, त्याला घेऊन जातील. आईचंही बरोबर असतं. सरकारला दारात यावंच लागत नाही.

या घरातल्या पुरुषाला मेहरम म्हणतात, म्हणजे ज्याच्याशी लग्न होऊच शकत नाही असा जवळचा नातेवाईक: बाप, भाऊ, मुलगा, काका-मामा, आणि अर्थात नवरा. डिसेंबर २०२१ पासून ७२ किलोमीटरपेक्षा लांब जायचं असेल तर मेहरम सोबत पाहिजे असा नियम आला. ऐकायला वाटतं, लांबच्या प्रवासाचं आहे ना, जाईल कुणीतरी सोबत. पण चाळीस वर्षं युद्ध झालेल्या देशात विधवा किती असतील विचार करा, आणि जिच्या घरात पुरुषच उरला नाही तिने मेहरम आणायचा कुठून? शिवाय कागदावरचे ७२ किलोमीटर गावोगावी वेगळेच होतात. कुठे एकटी बाई दवाखान्यात आली म्हणून परत पाठवली, कुठे एकट्या बाईला बसमध्ये घेतलं नाही, असे प्रकार संयुक्त राष्ट्रांच्या अहवालांत सारखे नोंदलेले सापडतात.

ऑगस्ट २०२४ मध्ये ३५ कलमांचा एक कायदा आला, चांगल्याचा प्रसार आणि वाइटाला प्रतिबंध असं त्याचं भारदस्त नाव. तो राबवणारं याच नावाचं खातं चालतं कुठून, तर काबुलमध्ये पूर्वी जिथे महिला कल्याण मंत्रालय होतं त्याच इमारतीतून, सप्टेंबर २०२१ मध्येच पाटी बदलली होती. या कायद्याप्रमाणे बाईचा आवाजसुद्धा झाकून ठेवायची गोष्ट, तिचं गाणं किंवा मोठ्याने वाचणं घराबाहेर ऐकू येता कामा नये. मेहरम नसलेल्या बाईला गाडीत बसवलं तर ड्रायव्हरवर कारवाई. पुरुषांनाही सुटका नाही हां, दाढी मुठीपेक्षा लहान नको, टाय नको. नियम पाळले जातात की नाही हे बघायला मुहतसिब म्हणून निरीक्षक फिरतात. ही सगळी रचना एकच काम करते. टॅक्सीवाला, दुकानदार, दवाखान्यातला कारकून, शेजारी, या प्रत्येकाला ती बाई म्हणजे आपल्या पोटावर येणारी जोखीम वाटायला लागते. त्यातले बरेच जण तिच्या विरोधात नसतातही, फक्त घाबरलेले असतात.

आणि डिसेंबर २०२४ चा आदेश तर अक्षरशः खिडकीवर आहे. नवीन इमारतीत अशी खिडकी नको जिच्यातून शेजारचं अंगण, स्वयंपाकघर किंवा विहीर दिसेल, कारण तिथे बायका काम करत असतात. जुन्या घरात अशी खिडकी असेल तर भिंत घाला, नाहीतर काहीतरी आडोसा करा. आधी बाईला घरात ठेवलं आणि मग घराच्या खिडकीकडे वळले.

आता लोक म्हणतात की तालिबान म्हणजे सगळे एकसारखे. तेही तितकं खरं नाही. सत्तेची दोन टोकं आहेत. काबुलमध्ये मंत्री बसतात, परदेशी पाहुण्यांना भेटतात, मुलाखती देतात. आणि कंदहारमध्ये हिबतुल्ला अखुंदजादा बसतात, सर्वोच्च नेते, जे लोकांसमोर जवळजवळ येतच नाहीत पण शेवटचा शब्द त्यांचा. २३ मार्च २०२२ ला हे अख्ख्या जगाने बघितलं. शिक्षण मंत्रालयाने जाहीर केलं होतं की मुलींच्या हायस्कूल त्या दिवशी उघडणार. मुली आल्या, वर्गात बसल्या, आणि काही तासांत वरून निरोप आला की घरी जा. बऱ्याच मुली रडत बाहेर पडतानाचे व्हिडिओ तेव्हा फिरले होते. मंत्रालय तयार होतं, कंदहारने नाही म्हटलं, विषय संपला. जानेवारी २०२५ मध्ये परराष्ट्र खात्याचे उपमंत्री शेर मोहम्मद अब्बास स्तानिकझाई (हे गृहस्थ एकेकाळी आपल्या देहरादूनच्या मिलिटरी अकॅडमीत शिकून गेलेले) खोस्तमध्ये जाहीर भाषणात म्हणाले की मुलींच्या शिक्षणावर बंदी घालायला काही आधार नाही, आपण चार कोटींतल्या दोन कोटी लोकांवर अन्याय करतोय. थोड्याच दिवसांत ते देश सोडून संयुक्त अरब अमिरातीत गेल्याच्या बातम्या आल्या. म्हणजे तालिबानच्या आतही ज्याला पटत नाही त्याला बोलायची सोय नाही.

बरं, "त्यांच्या धर्मातच आहे" हा दुसरा आवडता मुद्दा. मुलींना सहावीनंतर शाळा बंद करणारा जगात हा एकच देश आहे. सौदी, इराण, पाकिस्तान, इंडोनेशिया, सगळीकडे मुली युनिव्हर्सिटीत जातात. डिसेंबर २०२२ मध्ये मुलींवर विद्यापीठबंदी आली तेव्हा कैरोच्या अल-अझहरच्या प्रमुख इमामांनी स्वतः निषेध केला की हे शरियतच्या विरुद्ध आहे. आणि काबुल युनिव्हर्सिटीच्या बाहेर एक अठरा वर्षांची मुलगी एकटीच फलक घेऊन उभी राहिली, त्यावर एकच अरबी शब्द होता, "इक्रा", म्हणजे वाच. कुराणातलं पहिलं उतरलेलं वचन याच शब्दाने सुरू होतं असं मुसलमान मानतात. तिने बंदुकवाल्यांना त्यांच्याच घरचा आहेर दिला. याच्यापुढे आपल्या कमेंट काय टिकणार.

त्या विद्यापीठबंदीआधी तीन महिने एक गोष्ट घडली ती जरा सविस्तर सांगतो. काबुलच्या पश्चिमेला दश्त-ए-बरची नावाची वस्ती आहे, तिथे मुख्यतः हजारा लोक राहतात, शिया, त्यामुळे आयसिससारख्या गटांच्या निशाण्यावर कायम. तिथे काज नावाचा क्लास होता. आपल्याकडे जेईई-नीटचे असतात ना तसाच, तिथल्या प्रवेशपरीक्षेला कांकोर म्हणतात, तिची तयारी करून घेणारा. ३० सप्टेंबर २०२२ ला सकाळी तिथे सराव परीक्षा चालू होती. आत्मघाती हल्लेखोर मुलींच्या बाजूला घुसला. संयुक्त राष्ट्रांच्या मोजणीत ५३ जण गेले, त्यात ४६ मुली आणि बायका. फातिमा अमीरी त्याच वर्गात होती. एक डोळा गेला, कानाला मोठी इजा झाली, जबडा जखमी. आणि ती काही दिवसांतच कांकोरला बसली, ८५ टक्क्यांच्या वर मार्क पडले, काबुल युनिव्हर्सिटीत कॉम्प्युटर सायन्सला नंबर लागला. बीबीसीच्या त्या वर्षीच्या शंभर महिलांत तिचं नाव होतं.

२० डिसेंबर २०२२ ला उच्च शिक्षणमंत्र्यांचं पत्र निघालं, पुढील आदेशापर्यंत मुलींचं विद्यापीठातलं शिक्षण स्थगित.

त्या आठवड्यात आणखी काय काय झालं हेही बघा, कारण व्यवस्था पुरुषांच्या खांद्यावर चालते म्हटल्यावर तिला गळतीही तिथूनच लागते. नंगरहारमध्ये मेडिकलचे मुलगे परीक्षा सोडून बाहेर आले, मुली नाहीत तर आम्हीही नाही. काबुलमधले एक प्राध्यापक, इस्माईल मशाल, टीव्हीवर लाइव्ह बसले आणि आपल्या डिग्र्यांचे कागद एकेक करून फाडले, म्हणाले माझी आई-बहीण शिकू शकत नसेल तर मला हे नको. मग ते हातगाडीवर पुस्तकं घेऊन रस्त्यात फुकट वाटत फिरायला लागले, फेब्रुवारी २०२३ मध्ये अटक. मतीउल्ला वेसा म्हणून दुसरे एक, पेन पाथ नावाची संस्था चालवायचे, मोटरसायकलवरून खेडोपाडी पुस्तकं न्यायचे आणि गावच्या म्हाताऱ्यांना मुलींच्या शाळेसाठी तयार करायचे. मार्च २०२३ मध्ये पकडलं, सात महिन्यांनी सोडलं. हे लोक थोडे आहेत हे मान्य, पण बातमीत यांची नावं आली पाहिजेत, नाहीतर आपल्याला वाटतं की तिथला प्रत्येक बाप-भाऊ खलनायकच.

पण म्हणून सगळं खापर एकट्या तालिबानवर फोडूनही चालत नाही. ७० च्या दशकातल्या काबुलमधल्या स्कर्ट घातलेल्या मुलींचे फोटो दर सहा महिन्यांनी व्हायरल होतात, "असं होतं अफगाणिस्तान". असं काबुलचा एक छोटा भाग होता. बहुतेक खेड्यांत तेव्हाही मुलींची शाळा नव्हती. राजे अमानुल्ला आणि राणी सोराया यांनी १९२१ मध्ये काबुलला मुलींची शाळा काढली आणि सुधारणा फार जोरात रेटल्या. त्याविरुद्ध जे उठाव झाले त्यात १९२९ ला राजाला गादी सोडावी लागली. नंतर १९६४ च्या राज्यघटनेने बायकांना मताचा हक्क दिला, पुढच्याच वर्षी कुब्रा नूरझई आरोग्यमंत्री झाल्या, देशातल्या पहिल्या महिला मंत्री. मग रशियन आले, गृहयुद्ध झालं, १९९६ ते २००१ पहिलं तालिबान, त्यानंतर वीस वर्षं अमेरिका. शंभर वर्षं तिथल्या बाईच्या आयुष्यावर कुणीतरी राज्य करणाऱ्यानेच निर्णय घेतलाय, सोडणारा पण तोच आणि बांधणारा पण तोच. आणि एक गोष्ट जी शहरी लोकांना आवडत नाही पण खरी आहे, हेलमंद-कंदहारच्या खेड्यांतल्या कित्येक बायकांना २०२१ नंतर निदान वरून बॉम्ब पडायचे आणि रात्रीचे छापे थांबले याचंच हायसं वाटलं. त्यांच्यासाठी ती वीस वर्षं म्हणजे पार्लमेंटमधल्या राखीव जागा नव्हत्या, घरातले मेलेले लोक होते.

बाईच्या नावाचं प्रकरण तर लोकशाही सरकार असतानाचं. तिथे बाईचं नाव परक्यासमोर घेणं म्हणजे घराची अब्रू गेली असं मानणारे खूप लोक आहेत. आपल्याकडे आजीच्या पिढीतल्या बायका नवऱ्याचं नाव उखाण्याशिवाय तोंडातून काढत नव्हत्या, तिथे उलटं, पुरुष बायकोचं नाव सांगत नाही, अमक्याची आई म्हणतो. लग्नपत्रिकेवर नवरीचं नाव नाही, बापाचं आणि होणाऱ्या नवऱ्याचं. बऱ्याचदा थडग्यावरही नाही. २०२० मध्ये पश्चिम अफगाणिस्तानातली एक बाई ताप आला म्हणून डॉक्टरकडे गेली, डॉक्टरने चिठ्ठीवर तिचं नाव लिहिलं आणि ती चिठ्ठी बघून नवऱ्याने तिला मारलं, परक्या पुरुषाला नाव सांगितलंस म्हणून. लालेह उस्मानी या तरुण मुलीने २०१७ मध्ये हेरातहून "माझं नाव कुठंय" अशी मोहीम सुरू केली. मागणी किती साधी होती बघा, ओळखपत्रावर बापाबरोबर आईचंही नाव असू द्या. शिव्या, धमक्या, सगळं झालं, पण सप्टेंबर २०२० मध्ये कायद्यात बदल झाला. अकरा महिन्यांनी काबुल पडलं.

आता तिथल्या बायका करतात काय हे सांगतो, कारण खरा मुद्दा इथे आहे. सरकारने बाईला घरात ढकललं, तर शाळा, दुकान, पार्लर सगळं घरात शिरलं. हे पहिल्यांदा होत नाहीये. पहिल्या तालिबानच्या काळात हेरातमध्ये "सोनेरी सुई" नावाचा शिवणवर्ग चालायचा. बायका बुरखा घालून, पिशवीत कापड-दोरा घेऊन आठवड्यातून काही वेळा यायच्या, आणि आत युनिव्हर्सिटीचे प्राध्यापक त्यांना साहित्य शिकवायचे. बाहेर मुलं खेळत राखण करायची, निरीक्षक दिसला की आत इशारा, वह्या गायब आणि सुया हातात. शिवणकामाला परवानगी होती ना!

आजची पद्धत तशीच, फक्त साधनं वाढली. कुणाच्या तरी घरातल्या एका खोलीत दहा-पंधरा मुली, येताना वेगवेगळ्या वेळी, पुस्तकं चादरीखाली. कधी काही मदरशांत धर्मशिक्षणाबरोबर गणित, इंग्रजी हळूच शिकवलं जातं, कारण मदरशाला मोठ्या मुलीही जाऊ शकतात. मदरशांची संख्याही त्यामुळे वाढलीये, आता त्याला आशा म्हणायचं की काळजी हे ज्याच्या त्याच्या मदरशावर आहे. मोबाईलवर टेलिग्राम, व्हॉट्सॲप, झूमवर क्लास, शिकवणारी बऱ्याचदा परदेशात गेलेली अफगाण बाईच. रेडिओ बेगम हे तर माझं आवडतं उदाहरण, ८ मार्च २०२१ ला महिलादिनी काबुलमध्ये सुरू झालं, बायकांनी बायकांसाठी चालवलेलं, दिवसा शाळेचे धडे प्रसारित होतात, श्रोत्या फोन करून डॉक्टरला प्रश्न विचारतात, मन मोकळं करतात. रेडिओला काय लागतं, एक जुना सेट आणि सेल. इंटरनेट नसलेल्या गावातही पोचतो. फेब्रुवारी २०२५ मध्ये छापा पडला, प्रसारण बंद पाडलं, तीनेक आठवड्यांत पुन्हा परवानगी मिळाली.

ऑनलाइनचं मात्र काही खरं नाही. २९ सप्टेंबर २०२५ ला अख्ख्या देशाचं इंटरनेट आणि फोन साधारण दोन दिवस बंद होते. आपल्याकडे दोन तास नेट गेलं तर आपण कस्टमर केअरला फोन लावतो. तिथे ज्या मुलीचं शिक्षण फक्त त्या स्क्रीनवर उरलंय तिचं काय झालं असेल त्या दोन दिवसांत, परत येणार की कायमचं गेलं हेच माहीत नसताना. त्याच महिन्यात विद्यापीठांतून शेकडो पुस्तकं काढायची यादी आली, त्यात १४० च्या आसपास पुस्तकं बायकांनी लिहिलेली.

पैशाचं बघू. पार्लरबंदीत साधारण १२ हजार पार्लर बंद झाली आणि साठ हजारांच्या आसपास बायकांचं काम गेलं असा तिथल्या महिला उद्योजकांच्या संघटनेचा अंदाज होता. पार्लर ही तिथे फक्त मेकअपची जागा नव्हती, पुरुष न येणारी, बायकांनी बसून गप्पा मारायची ती शेवटची जागा होती. बागा, जिम, सार्वजनिक हमाम आधीच नोव्हेंबर २०२२ मध्ये बंद केले होते. बऱ्याच जणींनी आरसा-खुर्ची घरी आणली आणि ओळखीच्या गिऱ्हाइकांना बोलावून काम चालू ठेवलं. शिलाई, गालिचे विणणं, लोणची-मुरंबे, हेरातकडे केशर निवडणं, घरून जे जमेल ते सुरू झालं. सरकारी नोकरीत ज्या उरल्या त्यातल्या अनेकींना घरी बसवून जून २०२४ च्या आदेशाने पगार महिना ५ हजार अफगाणींवर आणला, अनुभव कितीही असो. डॉक्टर, प्राथमिक शिक्षिका, विमानतळावर बायकांची झडती घेणाऱ्या अशा मोजक्या कामांना सूट आहे, कारण तिथे पुरुष चालतच नाही.

आणि इथेच ही व्यवस्था स्वतःच्याच पायात अडकते. बाईला बाई डॉक्टरनेच तपासावं हा आग्रह. ठीक. मग बाई डॉक्टर घडवायला मेडिकल कॉलेज हवं, ते डिसेंबर २०२२ ला बंद केलं. निदान नर्सिंग आणि सुईणीचे कोर्स चालू होते, डिसेंबर २०२४ मध्ये तेही बंद. हे अशा देशात जिथे एक लाख जिवंत जन्मांमागे पाचशे ते सहाशेच्या घरात माता दगावतात. महाराष्ट्रात हा आकडा २०१८-२० च्या पाहणीत ३३ होता. तेव्हा रशीद खानने, हो आपला आयपीएलवाला रशीद खान, उघडपणे लिहिलं की हा निर्णय मागे घ्या, देशाला बायका डॉक्टर-नर्स हव्यात. मोहम्मद नबीनेही लिहिलं. घरच्यांचं काय होईल याची काळजी असतानाही लिहिलं हे विशेष. (त्यांच्याच देशाच्या महिला क्रिकेट टीमला मात्र ऑस्ट्रेलियात पळून जावं लागलं, ३० जानेवारी २०२५ ला त्या मेलबर्नमध्ये एकत्र पहिला सामना खेळल्या.)

भूकंप झाला की हा गुंता जीव घेतो. ऑक्टोबर २०२३ मध्ये हेरातला भूकंप झाला, दिवसा, तेव्हा मेलेल्यांत बहुतेक बायका आणि मुलं होती कारण पुरुष कामाला बाहेर आणि बाया घरात. ऑगस्ट २०२५ च्या शेवटी कुनारला झाला, दोन हजारांवर माणसं गेली, आणि ढिगाऱ्यातून जखमी बायकांना काढताना परक्या बाईला हात कसा लावायचा म्हणून बचाव करणारे पुरुष मागे हटल्याच्या बातम्या आल्या. मदतसंस्थांत बायका असत्या तर? डिसेंबर २०२२ मध्येच संस्थांतल्या बायकांच्या कामावर बंदी आली होती.

आता जग काय करतंय? ३ जुलै २०२५ ला रशियाने तालिबानला अधिकृत मान्यता दिली. आणि पाचच दिवसांनी, ८ जुलैला, हेगच्या आंतरराष्ट्रीय फौजदारी न्यायालयाने अखुंदजादा आणि तिथल्या सरन्यायाधीशांवर बायका-मुलींच्या छळासाठी अटक वॉरंट काढलं. एकाच आठवड्यात एकीकडे गळ्यात हार आणि दुसरीकडे वॉरंट. कंदहारला जाऊन अटक कोण करणार हा प्रश्न आहेच, पण वॉरंटमुळे परदेशप्रवास अवघड होतो, हेही काही कमी नाही.

आपलंही बघावं लागतं. पुण्यात गेली कित्येक वर्षं अफगाण विद्यार्थी मोठ्या संख्येने येतात, विद्यापीठाच्या परिसरात, कॅम्पात राहिलेल्या लोकांना हे चेहरे ओळखीचे असतील. ऑगस्ट २०२१ मध्ये भारताने बाहेर असलेल्या अफगाण लोकांचे आधीचे व्हिसा रद्द केले, सुरक्षेचं कारण होतं. सुट्टीत घरी गेलेले, नवीन प्रवेश मिळालेले, सगळे तिकडेच अडकले आणि त्यात मुलीही होत्या ज्यांना दीड वर्षाच्या आत स्वतःच्या देशातलं विद्यापीठही बंद झालं. नंतर सरकारने ऑनलाइन डिग्रीसाठी शिष्यवृत्त्या दिल्या, ते चांगलं केलं. पण ज्या काळात व्हिसा हवा होता तेव्हा दार लावलेलं होतं हेही लिहून ठेवलं पाहिजे.

ऑक्टोबर २०२५ मध्ये तालिबानचे परराष्ट्रमंत्री अमीर खान मुत्तकी दिल्लीत आले. १० तारखेच्या त्यांच्या पत्रकार परिषदेत एकही महिला पत्रकार नव्हती. इतका गदारोळ झाला की १२ तारखेला दुसरी घ्यावी लागली आणि त्यात पहिल्या रांगेत आपल्या महिला पत्रकार बसल्या. त्यांनी मुलींच्या शाळेचं विचारलंच. मुत्तकी म्हणाले, आम्ही मुलींच्या शिक्षणाला हराम म्हटलेलं नाही, फक्त पुढच्या आदेशापर्यंत थांबवलंय.

म्हणजे डिसेंबर २०२२ च्या पत्रातलंच वाक्य, तीन वर्षांनी, दिल्लीत. २०२१ मध्ये सहावीत असलेली मुलगी २०२५ मध्ये दहावीत असती. युनिसेफचा हिशोब असा की बंदी २०३० पर्यंत राहिली तर चाळीस लाखांवर मुली प्राथमिकच्या पुढे गेलेल्या नसतील. आणि सहावीपर्यंतच्या ज्या शाळा चालू आहेत त्यात मोठ्या मुलींना शिकवायला बाईच लागते, पुरुष चालत नाही. आत्ताच्या शिक्षिका रिटायर झाल्या की त्या जागी कुणाला नेमणार, हे त्या आदेशात लिहिलेलं नाही.